येरळेचे खोरे आणि पाण्याची वाटणी

(कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गात दिलेल्या व्याख्यानाचा लिखित मजकूर)



२०१८ च्या ऑक्टोबर महिन्यात राज्य सरकारने जे तालुके दुष्काळग्रस्त म्हणून जाहीर केले, त्यांत सांगली जिल्ह्यातील खानापूर आणि तासगाव हे तालुके होते. त्यानंतर जेमतेम दहा महिन्यांनी, ८ ऑगस्ट २०१९ रोजी, त्याच जिल्ह्यात ब्रह्मनाळ येथे पुरातून माणसांना बाहेर काढणारी नाव उलटली आणि बायकामुलांसह अनेक जण बुडून मेले. सरकारदरबारी या दोन घटनांच्या फायली निरनिराळ्या आहेत, एक अवर्षणाची आणि दुसरी अतिवृष्टीची. नकाशा उघडून पाहिला तर मात्र दोन्ही घटना एकाच नदीच्या काठावर घडलेल्या दिसतात. खानापूर आणि तासगाव तालुक्यांतून वाहत येणारी येरळा ब्रह्मनाळपाशीच कृष्णेला मिळते. ज्या नदीच्या वरच्या अंगाला माणसे टँकरची वाट पाहत होती, तिच्या मुखाशी माणसे पाण्यात बुडाली. बुडवणारे पाणी येरळेचे नव्हते. ते सह्याद्रीच्या माथ्यावरून कृष्णा-कोयनेने आणलेले आणि येरळेच्या तोंडात उलटे शिरलेले पाणी होते. ही गोष्ट ज्याला उमगली त्याला सातारा-सांगलीच्या पाण्याचे निम्मे राजकारण उमगले असे म्हणायला हरकत नाही.

येरळा ही लहान नदी आहे. लांबी सुमारे सव्वाशे किलोमीटर, पाणलोट तीन हजार चौरस किलोमीटरच्या आसपास. शाळेच्या भूगोलात तिच्या वाट्याला कृष्णेच्या उपनद्यांच्या यादीतला एक शब्द येतो, तोही वारणा-पंचगंगेच्या नंतर. परंतु मोठ्या नदीचे राजकारण राजधानीत आणि लवादापुढे चालते, तर लहान नदीचे राजकारण गावाच्या पारावर आणि विहिरीच्या काठावर चालते. कार्यकर्त्याला हाताळता येते ते हे दुसरे. म्हणून तिचा भूगोल थोडा तपशिलाने पाहिला पाहिजे.

महाबळेश्वराकडून पूर्वेला महादेवाच्या डोंगरांची रांग गेली आहे. या रांगेतून दक्षिणेकडे फाटे फुटतात, हाताची बोटे पसरावीत तसे. वर्धनगडापासून मच्छिंद्रगडापर्यंत उतरत गेलेला एक फाटा कृष्णेचे खोरे आणि येरळेचे खोरे यांच्यामध्ये भिंतीसारखा उभा आहे. त्याच्या पूर्वेला महिमानगडाकडून निघालेला दुसरा फाटा येरळेला माणगंगेपासून वेगळा करतो. या दोन भिंतींच्या मधल्या पन्हळीतून येरळा वाहते. खटाव तालुक्याच्या उत्तर टोकाला, मोळ गावाच्या परिसरातील डोंगरात ती उगम पावते. नेर, पुसेगाव, खटाव, वडूज अशी गावे घेत ती दक्षिणेला उतरते, सांगली जिल्ह्यात शिरते, विटा आणि कडेगाव यांच्यामधून जाते आणि तुरची, बोरगाव, वसगडे करीत ब्रह्मनाळला पोचते. वाटेत मायणीकडची चांद नदी तिला मिळते. कडेगावच्या बाजूने नांदणी येते, सोनहिरा ओढा येतो. यशवंतराव चव्हाणांचे जन्मगाव देवराष्ट्रे याच सोनहिऱ्याच्या खोऱ्यातले. बाकीचे शेकडो ओढे-ओघळ निनावीच आहेत. गावकऱ्यांनी त्यांना नावे दिलेली असतात, पण ती तलाठ्याच्या दप्तरात नसतात.

या पन्हळीवर पाऊस किती पडतो? महाबळेश्वरी वर्षाकाठी सुमारे सहा हजार मिलिमीटर, आणि तेथून सरळ रेषेत शंभर किलोमीटरच्या आसपास असलेल्या वडूज-विट्याच्या टापूत पाचशेच्या आसपास. ढग सह्याद्रीवर रिकामे होतात आणि पूर्वेकडे त्यांची नुसती सावली सरकते. जो पाऊस पडतो तोही बराचसा परतीचा, सप्टेंबर-ऑक्टोबरचा. चार दांडग्या सरींत वर्षाचा हिशेब पुरा होतो. खाली काळा पाषाण. माळावर वीतभर मुरूम, नदीकाठी मात्र खोल काळी जमीन. पाषाणाच्या वरचा झिजलेला थर जेवढा जाड तेवढेच भूजलाचे भांडार, त्याखाली भेगांत अडकलेले जुने पाणी. याचा अर्थ असा की, या खोऱ्यातला माणूस निसर्गतःच दरिद्री नाही. पाचशे मिलिमीटर पाऊस म्हणजे एकरी वीस लाख लिटर पाणी. ज्वारी-बाजरी, मटकी-हुलगा, खिलार जनावर आणि मेंढरे यांवर उभी राहिलेली जुनी शेती या हिशेबातच बसवलेली होती. प्रश्न उभा राहतो तो पाणी थांबवायचे कोठे आणि थांबलेले पाणी कोणाचे, या दोन टप्प्यांवर.

पहिल्या टप्प्याबद्दल या मातीने फार पूर्वीच विचार केला होता. महात्मा जोतीराव फुले यांच्या घराण्याचे मूळ गाव कटगुण, पुसेगावजवळचे, म्हणजे याच खोऱ्यातले. ‘शेतकऱ्याचा असूड’ या १८८३ मध्ये पुऱ्या केलेल्या ग्रंथात त्यांनी सरकारला सुचवले होते की, फौजेतल्या व पोलिसांतल्या रिकाम्या हातांकडून डोंगरउतारावर जागोजाग ताली व बंधारे बांधवावेत, म्हणजे पावसाचे पाणी जमिनीत मुरून नंतर ओढ्यानाल्यांना येईल. आज पाणलोट विकास म्हणून ज्याचे शासकीय वर्ग भरतात तो विचार तो हाच. इंग्रज सरकारने त्यातले आपल्या सोयीचे तेवढे केले. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात नेरचा तलाव, येरळेचे कालवे, मायणीचा तलाव ही कामे झाली. त्यांपाठीमागे दुष्काळात मजुरांना खडीवर लावण्याची आणि महसुलाची शाश्वती मिळवण्याची दृष्टी होती. स्वातंत्र्यानंतर येरळवाडीचे धरण झाले, ठिकठिकाणी कोल्हापूर पद्धतीचे बंधारे आले. हिवाळ्यात या तलावांवर रोहित पक्षी उतरतात आणि पुण्या-मुंबईचे छायाचित्रकार त्यांच्या मागे येतात. पाणी उथळ आहे एवढाच त्याचा अर्थ.

नदीचे पाणी थांबवण्याची याहून मोठी व्यवस्था निसर्गानेच केली होती, आणि तिचा नाश गेल्या पन्नास-साठ वर्षांत माणसाने केला. ती व्यवस्था म्हणजे नदीतली वाळू. जुनी माणसे सांगतात की, उन्हाळ्यात येरळेच्या पात्रात हातभर झिरा काढला की पाणी लागे. यात नवल नाही. वाळूच्या कणांमध्ये पोकळी असते आणि तिच्यातले एकूण घनफळाच्या सुमारे पाचव्या हिश्शाचे पाणी सहज निथळून मिळते. शंभर मीटर रुंदीच्या पात्रात तीन मीटर जाडीचा वाळूचा थर आहे असे धरले, तर एका किलोमीटरच्या लांबीत तीन लाख घनमीटर वाळू आणि तिच्यात साठ हजार घनमीटर, म्हणजे सहा कोटी लिटर पाणी. माणशी रोज पंचावन्न लिटर या मापाने दोन हजार वस्तीच्या गावाला ते दीड वर्ष पुरते. आणि हे भांडार दर पावसाळ्यात फुकट भरले जाते, त्याचे बाष्पीभवन जवळपास होत नाही, त्याला वीज लागत नाही. काठच्या विहिरींना पाणी येई ते या भांडारातून.

मुंबई-पुण्याच्या आणि जिल्ह्याच्या शहरांच्या इमारती उभ्या राहू लागल्या तशी ही वाळू ब्राशीच्या भावाने विकली जाऊ लागली. महसूल खात्याने लिलाव करायचा, ठेकेदाराने ठरलेल्याच्या कितीतरी पट उपसायचे, तालुक्याच्या पुढाऱ्याने मध्यस्थी करायची. वाळूची किंमत ठरली ती वाहतूक आणि मजुरी यांवरून. तिच्यात साठणाऱ्या पाण्याची किंमत कोणाच्याही वहीत नव्हती. अर्थशास्त्राच्या भाषेत सांगायचे तर नफा एकाच्या पदरात आणि खर्च साऱ्या गावाच्या माथ्यावर, तोही पुढच्या पिढ्यांच्या नावे. वाळू गेली, पात्र खडकापर्यंत उघडे पडले, पूर आला तसा निघून जाऊ लागला, काठच्या विहिरी दिवाळीनंतर तळ दाखवू लागल्या. मग ज्याच्याजवळ भांडवल होते त्याने विंधन विहीर घेतली, पाणी आणखी खाली गेले, आणि ज्याच्याजवळ भांडवल नव्हते त्याने गाव सोडले. खानापूर-आटपाडीकडची माणसे सोन्या-चांदीच्या गलाईच्या धंद्यात भारतभर पसरली. त्यांच्या कर्तबगारीचे कौतुक होते आणि ते योग्यही आहे, पण त्या स्थलांतराच्या मुळाशी कोरडी विहीर होती हे विसरून चालणार नाही. ज्यांना तो मार्ग नव्हता ते मुंबईच्या गिरण्यांत आणि गोदीत गेले.

यातूनच या नदीच्या इतिहासातले एक महत्त्वाचे प्रकरण घडले. १८ जानेवारी १९८२ रोजी मुंबईच्या गिरणी कामगारांचा संप सुरू झाला. अडीच लाखांच्या आसपास कामगार संपात उतरले आणि त्यांतले पुष्कळसे गावी परतले. खानापूर तालुक्यात परतलेल्यांना समोर दिसला तो दुष्काळ आणि रोजगार हमीची खडी. ही रोजगार हमी योजनासुद्धा याच मुलखातली. तासगाव तालुक्यातल्या विसापूरचे वि. स. पागे यांनी १९६५ च्या सुमारास आपल्या भागात तिचा प्रयोग केला, १९७२ च्या दुष्काळात ती राज्यभर पसरली आणि १९७७ मध्ये तिचा कायदा झाला. हाताला काम मागणे हा हक्क आहे, हे भारतात प्रथम या कायद्याने मानले. परंतु तिची अंमलबजावणी करणाऱ्या यंत्रणेने त्या हक्काचे रूपांतर बहुधा रस्त्याच्या कडेला खडीचे ढीग घालण्यात केले. संपातून आलेल्या कामगारांनी आणि इथल्या शेतकऱ्यांनी डॉ. भारत पाटणकर आदींच्या पुढाकाराने ‘मुक्ती संघर्ष चळवळ’ उभी केली आणि प्रश्न विचारला की, दुष्काळात काम करायचेच आहे तर ते दुष्काळ हटवणारे काम का नको? खडी फोडून पुढच्या वर्षी पुन्हा खडीच फोडायची असेल तर या श्रमाचा उपयोग काय?

लोकविज्ञान चळवळीतले कार्यकर्ते, महाविद्यालयीन विद्यार्थी, के. आर. दाते यांच्यासारखे जाणते अभियंते यांच्या मदतीने तालुक्याच्या पाण्याचा, पिकांचा, जमिनीचा अभ्यास झाला. बलवडी आणि तांदुळवाडी या येरळेकाठच्या गावांनी ठरवले की नदीवर आपले धरण आपण बांधायचे. बलवडीच्या संपतराव पवारांसारखे स्थानिक कार्यकर्ते त्यात आघाडीवर होते. पैसा कोठून आणायचा? गावकऱ्यांचे उत्तर साधे होते: आमच्या नदीतली वाळू ठेकेदार नेतो, त्यातली थोडी आम्हाला विकू द्या, तेवढ्यात धरण होईल. सरकारने प्रथम नकार दिला. वाळू सरकारची, पाणी सरकारचे, धरण बांधणे हे पाटबंधारे खात्याचे काम, गावकऱ्यांचे नव्हे. ठेकेदाराला विकताना मालकीचा जो हक्क सरकारला सहज आठवला तोच गावकऱ्यांना नाकारतानाही आठवला. मोर्चे, धरणे, वाटाघाटी यांत काही वर्षे गेली. १९८६ च्या सुमारास कामाला हात लागला आणि दशक संपताना बळीराजा स्मृती धरण उभे राहिले. बळीराजा हे नावही जोतीरावांच्या परंपरेतले. कटगुण आणि बलवडी यांच्यामध्ये नदीने जोडलेला हा धागा शंभर वर्षांचा आहे.

या धरणाची उंची-लांबी सांगण्यासारखी नाही. पाटबंधारे खात्याच्या नोंदीत ते एक किरकोळ बांधकाम ठरेल. त्याचे महत्त्व वाटपाच्या नियमात आहे. पाणी जमिनीच्या प्रमाणात द्यायचे नाही, माणसांच्या प्रमाणात द्यायचे. ज्याच्याकडे वीस एकर आहेत त्याला वीस वाटे आणि ज्याच्याकडे एक एकर आहे त्याला एक, हा नियम मोडला गेला. भूमिहीन कुटुंबालाही पाण्याचा वाटा. त्याने तो दुसऱ्याच्या जमिनीवर वाट्याने शेती करून वापरावा. आणि उसाला पाणी नाही. पुरंदर तालुक्यात नायगावला विलासराव साळुंखे यांनी १९७२ च्या दुष्काळानंतर उभारलेल्या पाणी पंचायतीत हीच तत्त्वे होती: माणशी अर्ध्या एकराचे पाणी, कुटुंबाला कमाल अडीच एकराचे, जमीन विकली तरी पाण्याचा हक्क तिच्याबरोबर जाणार नाही. समाजवादी चळवळीत जमिनीच्या फेरवाटपावर जेवढे लिहिले-बोलले गेले त्याच्या दहाव्या हिश्शानेही पाण्याच्या वाटपावर बोलले गेले नाही. कोरडवाहू मुलखात जमीन हे गौण आणि पाणी हे प्रधान उत्पादनसाधन असते, ही साधी गोष्ट कमाल जमीनधारणेच्या वादात नजरेआड झाली. बागायत आणि जिरायत यांना कायद्याने वेगळी मर्यादा घातली ती याच जाणिवेने, पण त्या पलीकडे ती जाणीव गेली नाही.

आता दुसऱ्या मार्गाचा विचार करू. कृष्णेचे पाणी उचलून दुष्काळी भागाला द्यावे ही मागणीही न्याय्यच होती. बच्छावत लवादाने १९७६ च्या अंतिम निवाड्यात महाराष्ट्राला ५६० टीएमसी पाणी दिले. ते पाणी अडवण्याची आणि वापरण्याची निकड २००० साली येणाऱ्या फेरविचाराच्या मुदतीमुळे वाढली, आणि १९९६ मध्ये महाराष्ट्र कृष्णा खोरे विकास महामंडळ स्थापन होऊन रोख्यांतून पैसा उभा केला गेला. त्याआधी १९९३ पासून क्रांतिवीर नागनाथअण्णा नायकवडी यांनी तेरा दुष्काळी तालुक्यांच्या पाणी परिषदा भरवून लोकमत जागे ठेवले होते. ज्या माणसाने प्रतिसरकारच्या लढ्यात गोळी अंगावर घेतली त्याने उतारवयात पाण्याचा लढा हाती घेतला, हा योगायोग नव्हे. ९ सप्टेंबर १९४२ रोजी येरळाकाठच्या वडूजला कचेरीवर गेलेल्या मोर्चात परशुराम घार्गे आणि त्यांचे साथी गोळीबारात पडले. त्या मोर्चातले बहुसंख्य कोरडवाहू शेतकरी होते, आणि स्वराज्याकडून त्यांच्या अपेक्षांत पाणी नसेल असे मानता येत नाही.

टेंभू, ताकारी, म्हैसाळ, उरमोडी, जिहे-कठापूर या योजना पुढे-मागे रखडत का होईना उभ्या राहिल्या. टेंभूचे पाणी कऱ्हाडजवळ उचलून पाच टप्प्यांत चढवले जाते. जिहे-कठापूरचे पाणी नेरच्या तलावात येते, म्हणजे येरळेच्या मस्तकावर कृष्णेचा अभिषेक होतो. वर्धनगड-मच्छिंद्रगडाची जी भिंत निसर्गाने कृष्णा आणि येरळा यांच्यामध्ये उभी केली होती ती पंपांनी ओलांडली. या कामाला नावे ठेवण्याचे कारण नाही. ज्या गावांनी पिढ्यान्‌पिढ्या टँकर पाहिला त्यांच्या शिवारात हिरवे दिसू लागले आहे आणि ते पाहून ज्याला आनंद होत नाही त्याने दुष्काळावर बोलू नये.

परंतु उचललेल्या पाण्याला किंमत असते, आणि ती कोठेतरी कोणालातरी भरावी लागते. एक घनमीटर पाणी दोनशे मीटर उचलले असे धरले, तर पंपांची झीज-तूट लक्षात घेता त्याला पाऊण युनिटाहून अधिक वीज लागते. एक एकर उसाला वर्षाला आठ हजार घनमीटर पाणी लागते. म्हणजे उसाच्या एका एकरामागे सहा हजार युनिटांच्या पुढे वीज. रब्बी ज्वारीला याच्या पाचव्या हिश्शाएवढे पाणी पुरते. या योजनांच्या वीजबिलाचा ८१ टक्के भार सरकारने आणि १९ टक्के लाभधारकांनी उचलावा, असे सूत्र ठरले आहे. सरकारचा भार म्हणजे लोकांचा भार. तेव्हा त्या एकरभर उसाच्या विजेतले चार-पाच हजार युनिट मीठ-मिरचीवर कर भरणारा भूमिहीन मजूरही भरतो. त्याला त्या पाण्यातला वाटा आहे काय? २००५ च्या सिंचन व्यवस्थापनाच्या कायद्याप्रमाणे पाणी वापर संस्थेचे सभासदत्व लाभक्षेत्रातल्या जमिनीशी बांधलेले आहे. ज्याच्या नावे सात-बारा नाही त्याला पाण्याच्या सभेत बसायला जागा नाही. बलवडीने जे पूर्वीच मोडले ते राज्याने कायद्याने पुन्हा उभे केले.

येथे भूगोल पुन्हा आडवा येतो. कालव्यावर शेतकऱ्यांत मुखाकडचा आणि टेलचा असा भेद असतो: मुखाकडच्याला पाणी आधी आणि भरपूर, टेलच्याला उरलेसुरले. येरळेच्या बाबतीत हे चित्र उलटे आहे. नदीच्या उगमाकडचा खटावचा माणूस पाण्याच्या दृष्टीने टेलचा, आणि मुखाकडचा पलूसचा माणूस पहिल्या मानाचा. कारण खालच्या गावांना कृष्णा हाताशी. तेथे सहकारी उपसा योजना आधी आल्या, साखर कारखाने आले, पतसंस्था आल्या, पुढारीपणही आले. मध्यल्या तासगाव टापूत द्राक्षे आली. बोरगावच्या शिवारातच ‘तास-ए-गणेश’ ही जात निघाली आणि ठिबकाच्या थेंबावर शेतकऱ्यांनी जगाची बाजारपेठ गाठली, ती त्यांच्या कष्टाची आणि बुद्धीची करामत आहे. वरच्या अंगाला मात्र पाणी शेवटी पोचते, आणि पोचेपर्यंत उसाची लागण खाली पक्की झालेली असते. लागण झाली की तो हितसंबंध होतो. उभे पीक वाळू देता येत नाही या सबबीवर पुढचे आवर्तन त्यालाच द्यावे लागते. एका टीएमसीत सुमारे पावणेतीन कोटी घनमीटर पाणी मावते. भुसार पिकांना ते पाच-सहा हजार हेक्टरांना एक हंगाम पुरेल, उसाला चौदाशे हेक्टरांत संपेल. निवड कोणत्या वर्गाच्या सोयीने होते हे पाहायला कारखान्यांची वाढलेली गाळपक्षमता पुरे आहे.

प्रशासनानेही या नदीचे तुकडेच केले. १९४९ मध्ये जुन्या सातारा जिल्ह्यातून दक्षिण सातारा वेगळा झाला, १९६० मध्ये त्याचे नाव सांगली झाले. उगम एका जिल्ह्यात, संगम दुसऱ्यात. वाळू महसूल खात्याकडे, बंधारा पाटबंधाऱ्याकडे, विहीर भूजल यंत्रणेकडे, ओढ्याचे खोलीकरण कृषी खात्याकडे, पिण्याचे पाणी जिल्हा परिषदेकडे. डॉ. माधवराव चितळे यांच्या अध्यक्षतेखालील जल व सिंचन आयोगाने १९९९ मध्ये खोरेनिहाय नियोजनाची शिफारस केली, पण येरळेचे असे एकसंध नियोजन काही झाले नाही. जलयुक्त शिवाराच्या काळात यंत्रांनी ओढे खरवडून खोल केले. माथ्यापासून पायथ्यापर्यंत उतारावर काम करण्याऐवजी पायथ्याशीच खड्डे घेण्याची ती घाई होती, कारण यंत्राचे तास मोजता येतात आणि बिलेही लवकर निघतात. श्रमदानाने ज्या गावांनी माथ्यावर समतल चर खणले त्यांचे काम मात्र टिकाऊ आहे, हे प्रामाणिकपणे नोंदले पाहिजे.

उचललेले पाणी येरळेच्या पात्रात सोडले जाते तेव्हा दर वेळी एक प्रसंग घडतो. पाणी बंधाऱ्यात येते, दोन्ही काठांच्या मोटारी एकदम सुरू होतात आणि बंधारा काही दिवसांत रिकामा होतो. ज्याची मोटार मोठी आणि जलवाहिनी लांब त्याचे पाणी जास्त. पात्रात वाळू असती तर हेच पाणी मुरून काठच्या लहान विहिरींनाही मिळाले असते. उघड्या खडकावर ते फक्त पंपाच्या मालकाचे होते. म्हणून वाळूचा प्रश्न पर्यावरणाच्या हौशीचा नाही, वाटपाचाच आहे. पात्र पुन्हा वाळूने भरायला काही पूर जावे लागतील आणि तोवर उपसा पूर्ण बंद असावा लागेल. उचललेल्या पाण्याबरोबर ही अट घातली गेली पाहिजे, कारण सरकारच्या हातात आज देण्यासारखे पाणी आहे आणि ते देताना अट घालता येते. पाणी एकदा सवयीचे झाले की अट घालता येत नाही.

आटपाडी तालुक्यात, म्हणजे शेजारच्या माणगंगेच्या खोऱ्यात, टेंभूचे पाणी बंद नळाने आणि समन्यायी पद्धतीने मिळावे यासाठी श्रमिक मुक्ती दलाने लढा दिला आणि शासनाला तत्त्व मान्य करायला लावले. येरळेच्या खोऱ्यात असा लढा खटावपासून ब्रह्मनाळपर्यंत एकत्र उभा राहू शकला नाही, याला जिल्ह्यांची सीमा, कारखान्यांची क्षेत्रे आणि आपल्या पक्षांच्या तालुकानिहाय शाखा या तिन्ही गोष्टी कारण आहेत. नदीच्या खोऱ्यावर उभारलेली शाखा कोणत्याच पक्षाकडे नाही.

तेव्हा आरंभ कागदापासून करता येईल. नेरच्या तलावात आणि टेंभूच्या वितरिकांतून येरळेच्या पात्रात प्रत्येक आवर्तनात किती पाणी सोडले, ते कोणत्या बंधाऱ्यात किती दिवस टिकले, बंधाऱ्याचे बरगे केव्हा घातले आणि केव्हा काढले, काठावर उपसा परवाने किती आणि प्रत्यक्ष मोटारी किती, यांची नोंद पाटबंधारे शाखेत आणि वीज कंपनीच्या कार्यालयात तुकड्यातुकड्याने असते. माहितीच्या अधिकाराने ती मागता येते. दोन्ही जिल्ह्यांतल्या काठच्या गावांनी आपापल्या बंधाऱ्याची नोंद मागवावी, ग्रामसभेत भूमिहीनांसह सर्वांसमोर वाचावी आणि खालच्या गावाला पाठवावी. पहिले वाचन खटाव तालुक्यातल्या गावाने करावे. पाणी त्यांच्याकडून खाली जाते.